कथेतील पहिली भेट कशी लिहावी : शेताच्या बांधावर घडणाऱ्या एका प्रसंगाची बांधणी

प्रेमकथेतील पहिल्या भेटीचा प्रसंग लेखक बहुधा सर्वांत आधी आणि सर्वांत हौसेने लिहितो, आणि तरीही पुष्कळ कथांत नेमका तोच प्रसंग कच्चा राहिलेला दिसतो. या दोघांचे पुढे जुळणार आहे हे लेखकाला ठाऊक असते आणि ते वाक्यावाक्यांतून गळत राहते : वारा सुटतो, बट कपाळावर येते, नजरा खिळतात. पात्रांना मात्र त्या घटकेला यातले काहीच ठाऊक नसते. त्यांना बस पकडायची असते, उत्पन्नाचा दाखला काढायचा असतो, आईचे रिपोर्ट आणायचे असतात. लेखकाचे ज्ञान आणि पात्रांचे अज्ञान यांतले हे अंतर जपणे हाच या प्रसंगातला अवघड भाग आहे, आणि तो कसा साधावा हे एका प्रसंगाच्या आधारे पायरीपायरीने पाहू.

माझे म्हणणे थोडक्यात असे आहे की पहिली भेट कामाच्या निमित्ताने घडावी आणि त्या कामाच्या ओघात दोघांनीही, कोणी न मागता, स्वतःला किंचित तोशीस पडेल अशी एकेक कृती करावी. वाचकाला पात्र आवडते ते या कृतीमुळे. देखणेपणाच्या वर्णनाने किंवा चटपटीत संवादांनी ते काम होत नाही, कारण तोशीस न घेता चटपटीत बोलणे कोणालाही जमते.

उदाहरणासाठी प्रसंग निवडला आहे तो जमीन मोजणीचा. सातारा जिल्ह्यातील एका गावी बांधाला बांध असलेल्या दोन शेतांच्या हद्दीवरून जुना वाद आहे. एका शेतकऱ्याने भूमी अभिलेख कार्यालयाकडे मोजणीचा अर्ज केला आहे, लगतच्या खातेदाराला नोटीस गेली आहे आणि ठरल्या दिवशी भूकरमापक शेतावर आला आहे. बांधावरच्या भांडणात पिढ्यान्‌पिढ्या अबोला धरलेली घरे आपल्याला नवी नाहीत, आणि म्हणूनच प्रेमकथेला ही जागा चांगली आहे : इथे कोणीही प्रेमात पडायला येत नाही.

दोघांच्या हातात काम द्यावे

लिहायला बसण्यापूर्वी प्रत्येक पात्राविषयी एकच वाक्य लिहावे : आज ही व्यक्ती इथे कशासाठी आली आहे? उत्तरात दुसऱ्या पात्राचा उल्लेख येता कामा नये. वैभव पुण्यात नोकरी करतो. वडिलांच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाल्यामुळे मोजणीला त्यांच्या वतीने उभा राहायला तो एका दिवसाची रजा काढून आला आहे, आणि हद्दीचा दगड रोवून संध्याकाळच्या गाडीने परत जायचे त्याच्या मनात आहे. प्राजक्ता गावाजवळ कृषी सेवा केंद्र चालवते. दुकान अर्धा दिवस बंद ठेवून ती चुलत्यांबरोबर आली आहे, कारण मोजणीच्या गडबडीत माणसे उभ्या पिकात शिरतात हे तिला ठाऊक आहे आणि बांधाच्या कडेला तिचे आल्याचे पीक आहे.

दोन्ही कामे एकमेकांना आडवी जातात, आणि तेवढे पुरेसे आहे. काम असले की पात्राला हालचाल मिळते, हातात वस्तू मिळते, बोलण्याला विषय मिळतो आणि मुख्य म्हणजे वेळेची मर्यादा मिळते. काम नसलेली दोन पात्रे बागेतल्या बाकावर बसवली की त्यांना स्वतःविषयी बोलण्यावाचून गत्यंतर उरत नाही, आणि पहिल्याच भेटीत स्वतःविषयी बोलणारी माणसे फारशी मोहक वाटत नाहीत.

नाते आधी तपासावे

ही पायरी आपल्याकडच्या लेखकांसाठी आहे आणि ती वगळली तर गावाकडचा वाचक कथा तिथेच मिटतो. बांधाला बांध असलेली शेते बहुधा एकाच जमिनीच्या वाटण्या झालेली असतात, म्हणजे शेजारचा शेतकरी भावकीतला असतो, आणि भावकीत सोयरीक होत नाही. म्हणून प्राजक्ताच्या वडिलांनी ही जमीन काही वर्षांपूर्वी तिसऱ्याच माणसाकडून खरेदी केली, ते मूळचे शेजारच्या तालुक्यातले, असे ठरवावे लागले. ही तडजोड कथेला उपकारकच ठरली, कारण ‘बाहेरून येऊन आमच्या बांधाला लागले’ हा वैभवच्या घरचा जुना सल त्यातून आपोआप मिळाला. शहरी कथेतही हा प्रश्न वेगळ्या रूपात असतोच. एकाच चाळीत वाढलेल्यांची ‘पहिली भेट’ होऊ शकत नाही, आणि एकाच कार्यालयातल्या वरिष्ठ-कनिष्ठांची भेट लिहिताना कोणाला नाही म्हणण्याची मुभा आहे याचा विचार करावा लागतो.

जागेला स्वतःचे नियम असावेत

जागा निवडताना ती सुंदर आहे का हे पाहण्यापेक्षा तिथे काय करता येत नाही हे पाहावे. अडसर जितका नेमका, तितका प्रसंग नवा. पुण्याच्या पेठांमधल्या अभ्यासिकांत स्पर्धा परीक्षांची मुले महिन्याच्या भाड्याने जागा घेऊन दिवसभर बसतात. तिथे बोलायला बंदी असते, त्यामुळे ओळख व्हायची तर चिठ्ठीवर, नाहीतर बाहेरच्या चहाच्या टपरीवर, आणि टपरीवर जाणे म्हणजे अभ्यासाचा वेळ मोडणे. ढोल-ताशा पथकाच्या सरावात उलट अडचण असते : आवाजात शब्द ऐकूच येत नाहीत, म्हणून सगळे हातवारे आणि नजरेवर चालते. मुंबईच्या लोकलमध्ये दोघे वर्षानुवर्षे एकाच गाडीने जात असतील, पण ती महिलांच्या डब्यात आणि तो जनरल डब्यात चढत असेल, तर गाडीत त्यांची भेट होणारच नाही. ती व्हायची असेल तर पुलावर, इंडिकेटरखाली, किंवा गाड्या बंद पडलेल्या पावसाच्या दिवशी रुळांवरून चालताना व्हावी लागेल. हा नियम विसरून लोकलच्या डब्यात समोरासमोरच्या खिडक्या देणाऱ्या कथा मुंबईकर वाचकाला लगेच खटकतात.

नियम काळाबरोबर बदलतात हेही ध्यानात ठेवावे. एसटीत कंडक्टरकडे सुटे पैसे नाहीत म्हणून शेजारच्याने तिकिटाची तडजोड केली, हा जुना आणि अजूनही चालण्याजोगा प्रसंग आहे. परंतु १७ मार्च २०२३ पासून महिलांना एसटीचे तिकीट निम्म्या दरात मिळते, तेव्हा त्यानंतरच्या काळात घडणाऱ्या कथेत हिशेब चुकला तर सगळा प्रसंगच खोटा पडेल.

मोजणीच्या प्रसंगात नियम मिळाला तो उपकरणातून. हल्ली मोजणीला उपग्रहांच्या साहाय्याने चालणारे रोव्हर वापरतात. दाट झाडाखाली त्याला उपग्रहांचे संकेत नीट मिळत नाहीत. बांधावर एक जुनी जांभूळ उभी केली की भूकरमापकाला तेवढ्या तुकड्यापुरती टेप काढावी लागते. टेपला दोन टोके असतात आणि ती धरायला दोन माणसे लागतात. इथे लेखकाने काही योजले आहे असे वाचकाला वाटत नाही, कारण झाड आधीपासून तिथे होते.

योगायोग एकच, आणि तोही अडचण वाढवणारा

पुस्तके घेऊन येणारी ती, घाईत वळणारा तो, टक्कर, विखुरलेली पुस्तके, एकाच पुस्तकावर पडलेले दोन हात. हा प्रसंग जुना झाला आहे ही त्याची मोठी उणीव नव्हे. जुने प्रसंगही चांगले लिहिता येतात. खरी उणीव ही की टकरीत कोणी काही ठरवत नाही, आणि ज्याने काही ठरवले नाही त्याच्या स्वभावाविषयी वाचकाला काही कळत नाही. टक्कर ठेवायचीच असेल तर तिच्यानंतर लगेच निवड आणावी. त्याची मुलाखत पाच मिनिटांवर आहे आणि तिची उत्तरपत्रिकांची चळत पावसात पडली आहे. तो काय करतो? त्याने उत्तरपत्रिका गोळा केल्या आणि मुलाखत हुकवली, तर ती नाटकी उदारता होते. त्याने स्वतःची छत्री चळतीवर उघडून ठेवली आणि भिजत मुलाखतीला पळाला, तर आपल्याला एक माणूस भेटतो, आणि छत्री परत करायची राहते.

वाचक कथेच्या आरंभी एक योगायोग विनातक्रार स्वीकारतो. तो पात्रांच्या सोयीचा नसून गैरसोयीचा असेल तर त्याला योगायोग म्हणून ओळखतही नाही.

तिसरा माणूस ठेवावा

दोघांना एकांत देण्याची लेखकाला फार घाई असते. आपल्या समाजात तो सहज मिळत नाही, आणि मिळाला तरी पहिल्या भेटीत तो उपयोगाचा नसतो. तिसरे माणूस हजर असले की दोघांना सरळ बोलता येत नाही. ती आडून बोलतात, आणि आडून बोलण्यात गोडवा असतो.

याचा सर्वांत चांगला धडा कालिदासाने शाकुंतलाच्या पहिल्या अंकात घालून दिला आहे. (हेच नाटक अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८० साली मराठी संगीत रंगभूमीवर आणले, तेव्हा आपल्या प्रेक्षकांनाही ही भेट जुनी ओळखीची आहे.) दुष्यंत झाडाआडून पाहत असतो, पण पुढे यायला त्याला निमित्त सापडत नाही. भुंगा शकुंतलेला सतावतो तेव्हा ती सख्यांना हाक मारते. सख्या थट्टेने म्हणतात की आम्ही कोण वाचवणार, तपोवनांचे रक्षण राजा करतो, दुष्यंताला बोलाव. त्या थट्टेच्याच दारातून राजा आत येतो, आणि आपण राजा असल्याचे मात्र लपवतो. पुढे शकुंतलेच्या जन्माची चौकशी तो सख्यांकडे करतो, तिच्याकडे करत नाही. ती रागावून निघाली की प्रियंवदा तिला अडवते, का तर दोन झाडांना पाणी घालण्याचे तुझे देणे आहे. आणि ते देणे फेडायला राजा आपली अंगठी पुढे करतो. शेवटी हत्ती बिथरल्याची आरोळी येते, सगळ्यांना निघावे लागते, आणि शकुंतला पायाला दर्भ टोचल्याचे आणि वल्कल कोरांटीच्या फांदीत अडकल्याचे सांगून रेंगाळते.

या अंकाची मोडणी कागदावर करून पाहावी. झाडांना पाणी घालण्याचे काम आहे. तिसरी माणसे दोन आहेत आणि प्रत्येक वळण त्यांच्या तोंडून येते. राजाला न मागता पदरचे काही द्यावेसे वाटते. बाहेरून आलेला अडथळा प्रसंग अर्धवट तोडतो. आणि नायिकेची ओढ एका शब्दानेही सांगितलेली नाही. ती एका खोट्या सबबीतून दिसते. दुष्यंताची स्वगते आणि वर्णने आजच्या कथेत चालणार नाहीत, त्यांचा मोह टाळावा. बांधणी मात्र जशीच्या तशी घेता येते.

आपल्या प्रसंगात तिसऱ्या माणसाची जागा भूकरमापक आणि प्राजक्ताचे चुलते नाना हे दोघे भरून काढतात. भूकरमापक तटस्थ आहे, त्याला जेवायच्या आत काम उरकायचे आहे. नाना तटस्थ नाहीत.

नजर कोणाची आणि ती कुठे पडते

प्रसंग कोणाच्या बाजूने सांगायचा हे ठरवावे आणि शेवटपर्यंत तीच बाजू धरावी. दोघांच्याही मनात शिरण्याची सवलत पहिल्या भेटीत घेऊ नये, कारण समोरच्याच्या मनात काय आहे हे न कळणे हाच वाचकाचा आनंद असतो. मी इथे वैभवची बाजू धरली आहे, कारण शेतात तो परका आहे आणि परक्याला जास्त गोष्टी दिसतात.

मग त्याला काय दिसावे? डोळे, केस, ओढणी यांचा क्रम इतका ठरून गेला आहे की ते शब्द आले की वाचक पुढच्या ओळीवर उडी मारतो. त्याऐवजी असा तपशील शोधावा ज्यातून दिसणाऱ्याचा स्वभाव आणि पाहणाऱ्याचे लक्ष दोन्ही कळतील : ती टेप कशी धरते, काय बोलायचे टाळते, कोणत्या गोष्टीला घाई करत नाही. तपशील एक किंवा दोनच ठेवावेत.

हाक कशी मारतात

मराठीत लिहिणाऱ्याच्या हाती एक साधन आपसूक आलेले असते आणि ते पुष्कळदा वाया जाते. पहिल्या भेटीत ही दोघे एकमेकांना काय म्हणतात? तुम्ही, तू, मॅडम, सर, ताई, दादा, की काहीच नाही? पश्चिम महाराष्ट्रातल्या गावात अनोळखी पुरुषाला ‘पाहुणं’ म्हणतात. त्या एका हाकेत अगत्य असते आणि तुम्ही इथले नव्हे ही जाणीवही असते. शहरातला तरुण अनोळखी बाईला सहज ‘ताई’ म्हणतो. प्रेमकथेच्या पहिल्याच पानावर हा शब्द निघाला तर तो पुढे निस्तरावा लागतो, आणि निस्तरण्यातून विनोद मिळणार असेल तरच तो वापरावा. माझ्या मते सर्वांत नाजूक पर्याय म्हणजे संबोधन टाळणे. ‘जरा ती टेप...’ एवढेच म्हणून थांबणाऱ्या माणसाला समोरच्या व्यक्तीला काय म्हणावे हे ठरवता आलेले नाही, आणि तो गोंधळ लेखकाला फुकट मिळालेला असतो.

‘तुम्ही’वरून ‘तू’वर येणे ही प्रेमकथेतली स्वतंत्र घटना आहे. ती पहिल्या भेटीत खर्च करू नये. महाविद्यालयीन मुलांची कथा असेल तर तिथे ‘तू’नेच सुरुवात होते, तिथे हे साधन मिळत नाही, आणि त्याची भरपाई आडनावाने हाक मारण्यातून काहीशी होऊ शकते.

बोलीविषयीही एक सावधगिरी सांगितली पाहिजे. एक पात्र प्रमाण मराठी बोलते आणि दुसरे गावाकडची बोली, तेव्हा बोलीला विनोदाचे किंवा भोळेपणाचे साधन करण्याची आपली सवय जुनी आहे. खाली प्राजक्ता बोलीत बोलते आणि त्या प्रसंगात सर्वांत अचूक बोलणे तिचेच आहे.

प्रसंग

आता मसुदा. नोव्हेंबर महिना आहे. आले गादीवाफ्यांवर उभे आहे.

भूकरमापकाने रोव्हरची काठी पुन्हा जागा बदलून उभी केली आणि मान हलवली. जांभळीखाली सॅटेलाइट मिळत नव्हते.

“टेपच लावू. विहिरीच्या कोपऱ्यापासून चौदा मीटर वीस. एक टोक तुम्ही धरा साहेब, आणि दुसरं...” त्याने नानांकडे पाहिले. नानांनी जांभळीकडे पाहिले.

“मी धरते,” ती म्हणाली. “पाहुणं, आधी त्या वाफ्यावरनं उतरा. आल्यावर उभं हायसा.”

वैभवने खाली पाहिले. बुटाखाली आल्याची पाती आडवी झाली होती. तो सरीत उतरला आणि वाकून ती पाती उभी करू लागला. ती उभी राहिली नाहीत.

“ऱ्हाऊ द्या,” ती म्हणाली.

तो विहिरीच्या कोपऱ्यावर शून्य धरून उकिडवा बसला. ती टेप सोडत जांभळीच्या मुळांवरून वाफ्याच्या कडेपर्यंत गेली. भूकरमापक चुन्याची चिमूट घेऊन वाकला.

“थांबा. टेपला झोळ हाय. ताणा जरा.”

“किती?”

“सरळ हुईस्तवर.”

त्याने ताणली. टेप मुळांवरून उचलली गेली. चुना चार बोटे पुढे, वाफ्यात पडला. नाना काही बोलले नाहीत, पण त्यांनी तोंडातले पान थुंकून टाकले.

वैभवला उलगडा व्हायला टेप गुंडाळून होईपर्यंतचा वेळ लागला. झोळ तसाच राहिला असता तर ती चार बोटे तिच्या बाजूला राहिली असती.

“दगड आजच रोवून घेताय ना?” भूकरमापकाने विचारले.

“त्या वाफ्यातलं आलं कधी निघतं?” वैभवने त्यालाच उलट विचारले.

उत्तर तिने दिले. “जानेवारीत.”

“मग जानेवारीत रोवू.”

“तवर चुना ऱ्हातोय व्हय?” नाना म्हणाले.

“न्हाई ऱ्हात,” ती म्हणाली. “मी ध्यानात ठेवते.”

मसुदा तपासताना

या मसुद्यात तिचे नाव एकदाही आलेले नाही, कारण वैभवला ते अजून कळलेले नाही. पहिल्या खर्ड्यात भूकरमापक सहीसाठी तिचे नाव विचारत होता. तो भाग काढला, कारण नाव कळण्याची उत्सुकता पुढच्या भेटीला उपयोगी पडेल. ती कशी दिसते याविषयीही अवाक्षर नाही. तिची तोशीस झोळ दाखवण्यात आहे, त्याची दगड लांबवण्यात आहे, आणि दोघांनीही ती बोलून दाखवलेली नाही. त्याने ‘तुम्ही किती प्रामाणिक आहात’ असे एक वाक्य म्हटले असते तर सगळा प्रसंग कोसळला असता. अशी वाक्ये खर्ड्यात येतातच. ती शोधून काढण्याचा सोपा मार्ग म्हणजे प्रसंगातली प्रत्येक स्तुती आणि प्रत्येक आभार खोडून पाहणे, आणि खोडल्यावर काही बिघडले तरच परत ठेवणे.

दुसरी कसोटी अदलाबदलीची आहे. या दोघांच्या जागी दुसरी कोणतीही तरुण मंडळी ठेवली तर प्रसंग तसाच चालतो का? चालत असेल तर तो अजून कोणाचाच झालेला नाही. आल्याचे पीक न जाणणारी मुलगी झोळ कदाचित ओळखेल, पण वाफ्यावरून उतरा म्हणणार नाही.

तिसरी तपासणी तांत्रिक तपशिलाची. ताणल्यावर चुना पुढेच जायला हवा, मागे नव्हे. पीक त्या महिन्यात शेतात उभे हवे. दगड नंतर रोवण्याला आडकाठी नसावी. ज्या विषयातला तपशील वापरला आहे त्या विषयातल्या एका माणसाला प्रसंग वाचून दाखवावा. प्रेमाच्या बाबतीत वाचक उदार असतो, मोजणीच्या बाबतीत नसतो.

लांबीविषयी इतकेच की तीन हजार शब्दांच्या कथेत हा प्रसंग पाच-सहाशे शब्दांत आटोपावा; कादंबरीत तो मोठा चालतो, पण तिथेही कामाचा शेवट होण्यापूर्वी थांबावे.

खटका हवा, पाठलाग नको

पहिल्या भेटीत थोडा खटका असावा, आणि तो कामावरून असावा. माणसाच्या रूपावरून, जातीवरून किंवा गरिबीवरून काढलेला टोमणा पुढे कितीही माफ केला तरी वाचकाच्या मनातून जात नाही. नकार मिळूनही मागे मागे फिरणे, वाट अडवणे, कुठूनतरी नंबर मिळवून संदेश पाठवणे हे प्रकार एके काळी लाडिक म्हणून लिहिले गेले. भारतात २०१३ पासून पाठलाग हा स्वतंत्र गुन्हा आहे, आणि कायदा बाजूला ठेवला तरी त्यात लेखनाची अडचण आहेच : ज्या प्रसंगात एकालाच हालचाल करता येते आणि दुसऱ्याला फक्त सुटका हवी असते, तो दोघांचा प्रसंग होत नाही.

कांदेपोह्यांचा अपवाद

आतापर्यंतचे सारे विवेचन भेटीचा हेतू दोघांना ठाऊक नाही या गृहीतावर उभे आहे. मुलगी पाहण्याच्या कार्यक्रमात हे गृहीतच उलटते. इथे हेतू सगळ्यांना माहीत असतो, कपडे त्यासाठीच घातलेले असतात, दारामागची आत्याही त्यासाठीच उभी असते. आपल्या वाचकांपैकी कित्येकांची खरीखुरी पहिली भेट अशीच झालेली असल्यामुळे हा प्रसंग टाळण्यात अर्थ नाही, मात्र तो लिहायचा तर काम उलट दिशेने शोधावे लागते : इथे ठरलेल्या कामाच्या खाली दडलेले दुसरे काम द्यावे. तिला उद्याच्या परीक्षेमुळे ही मंडळी सातच्या आत घराबाहेर काढायची आहेत. त्याला नकार द्यायचा आहे, पण मध्यस्थ मावशी दुखावली जाऊ नये अशा रीतीने. दोघांचेही नकाराचे बेत एकमेकांच्या लक्षात येणे आणि त्या क्षणापासून दोघांनी मिळून घरच्यांना फसवायला लागणे, यात चांगला प्रसंग आहे.

आणखी एक बदल लक्षात घ्यावा. फोटो आणि बायोडेटा आता व्हॉट्सअॅपवर आधीच येतो, त्यामुळे पाहण्याच्या दिवशी पहिले पाहणे उरलेलेच नसते. रास, नाडी, देवक, मामाचे कूळ, पगार, सगळे वाचून झालेले असते. मग उरते ते कागदावरचे माणूस आणि समोरचे माणूस यांतले अंतर. बायोडेटाच्या तळाशी ‘अपेक्षा’ नावाचा रकाना असतो, आणि तो बहुधा वडिलांनी किंवा वहिनीने भरलेला असतो. गच्चीवर पाठवलेल्या दोघांपैकी एकाने ‘तुमच्या अपेक्षा कोणी लिहिल्या?’ एवढेच विचारले तरी पुढची चार पाने लिहून होतील. गच्चीवर पाठवण्याचा प्रकार मात्र इतका वापरला गेला आहे की मी त्याऐवजी दोघांना स्वयंपाकघरात, संपलेला गॅस सिलिंडर बदलायला लावीन.

दुसरी भेट लगेच लिहून पाहावी

पहिली भेट पुरी झाली की नाही हे तिच्याकडे पाहून कळत नाही. म्हणून मसुदा झाल्यावर त्याच बैठकीत दुसऱ्या भेटीचे पहिले अर्धे पान तरी लिहून पाहावे. जानेवारीत वैभव दगड घेऊन येतो, चुना केव्हाच धुऊन गेलेला आहे, आले निघाले आहे आणि रान नांगरून पडले आहे. तिने जागा दाखवायची आहे. ती नेमकी तीच जागा दाखवते का, हे त्याला तपासता येत नाही. नाना शेजारीच उभे आहेत. हा प्रसंग स्वतःहून पुढे सरकत असेल तर पहिल्या भेटीने तिचे काम केले आहे. तो अडत असेल, तर दुरुस्ती दुसऱ्या भेटीत करत बसू नये. मागे जाऊन पहिल्या भेटीत काय अर्धवट ठेवायचे राहिले ते शोधावे. बहुधा असे दिसते की तिथे दगड रोवून टाकलेला असतो.